शह की शे

तुम्हाला माहीत होतं, साहेब. निंबाच्या डोक्याचं काय होत चाललंय ते तुम्हाला आमच्याइतकंच माहीत होतं, आणि तरी तुम्ही त्याला त्या खुर्चीवरून उठू दिलं नाही. वीज उपकेंद्रातली ती खुर्ची म्हणजे काय, हे तुम्हाला मी सांगायला नको. तिथं बसलेल्या माणसाने लाइन बंद केली तर खांबावरचा माणूस जगतो. नाही केली तर जळतो. मधलं काही नाही.

चौकशी झाली, कागद झाला. त्या कागदात तुमचं नाव फक्त सहीच्या जागी आहे. बाकी कुठंच नाही. म्हणून हे लिहिते आहे आणि जो कोणी छापेल त्याला देणार आहे.

निंबा माझा नवरा. आमच्याकडे बायका नवऱ्याचं नाव घेत नाहीत. मी घेणार. 'आमचे हे, आमचे हे' करत बसले तर तुम्ही म्हणाल बाई नवऱ्याला वाचवते. आणि लखन माझा धाकटा भाऊ. पारोळ्याहून धुळ्याकडे जाताना आत वळलं की आमचं हिंगळखेडे. तिथल्या उपकेंद्रात निंबा ऑपरेटर, आणि त्याच उपकेंद्राच्या हाताखाली लखन लाइनमन, तोही कंत्राटी. नवरा खुर्चीवर, भाऊ खांबावर. लखनने फोन करून विचारायचं, लाइन बंद झाली का. निंबाने सांगायचं, झाली. मग लखनने चढायचं. नियमाप्रमाणे हे सगळं परमिटच्या कागदावर, सहीने व्हायला पाहिजे. कोणत्या उपकेंद्रात तसं होतं ते तुम्हीच सांगा. पाच-सहा गावं, दोन लाइनमन आणि एक मोटारसायकल. सगळं फोनवर चालतं, आणि ते तसं चालतं म्हणूनच तुमच्या ऑफिसातला पंखा फिरतो.

आता दोन शब्द समजून घ्या. तुम्ही आमच्या भागातले नाही, पण दोन वर्षं इथं काढली, तेवढं तरी कानावर पडलं असेल.

आमच्या अहिराणीत 'आहे'ला 'शे' म्हणतात. घरमा शे, पानी शे, जीव शे. माणूस दिवसभरात किती वेळा 'आहे' म्हणतो त्याचा हिशोब नाही, तितक्या वेळा आम्ही 'शे' म्हणतो. आणि बुद्धिबळातला शह, तोही आमच्या तोंडात 'शे'च होतो. मधला ह आमच्याकडे टिकत नाही. शहराला आम्ही शेर म्हणतो. तुमच्यासारखा माणूस ऐकून हसतो. तुम्हीही हसला होता.

हा एवढासा ह. त्यात माझ्या भावाचा हात गेला.

बुद्धिबळ निंबाला तुम्ही शिकवलं नाही, हे मी कबूल करते. आमच्या गावात एसटीच्या थांब्यावर सिमेंटचा बाक आहे, त्यावर कोणीतरी फार पूर्वी तेलाच्या रंगाने पट काढलेला. निंबा तिथं म्हाताऱ्यांबरोबर खेळून शिकला. त्या बाकावरचा एक नियम होता. शह तोंडाने बोलायचा. मोठ्याने बोलायचा. मनातल्या मनात दिलेला शह धरायचा नाही, समोरच्याने तो बघितला नाही तरी चालेल. एकदा निंबाने आबा धनगराचा राजा पार कोपऱ्यात कोंडला आणि बोलायचं विसरला. आबाने शांतपणे आपला उंट दुसरीकडे हलवला आणि म्हणाला, "तू बोलना का? नही बोलना. मंग मना राजा मोकळा शे." निंबा तो डाव हरला. त्या दिवसापासून त्याने कधीही न बोलता शह दिला नाही. झोपेत दिला तरी बोलून दिला.

तोपर्यंत तो खेळ होता. कामावरून आला की बाकावर जायचा, जेवायच्या वेळेला मी हाक मारली की उठायचा. कटकट व्हायची, पण ती कोणत्या घरात होत नाही.

मग तुम्ही आलात. उपकेंद्र तपासायला आलात आणि पॅनलच्या शेजारी टेबलावर मांडलेला पट तुम्हाला दिसला. दुसरा कोणी असता तर तिथल्या तिथं नोटीस दिली असती. तुम्ही स्टूल ओढलं आणि बसलात. दोन डाव हरलात. निंबा घरी येऊन सांगत होता, "साहेब हरले आणि माझी पाठ थोपटली." त्याचे डोळे कसे झाले होते ते मी बघितलं. इतक्या वर्षांत त्याची पाठ कोणी थोपटली नव्हती. लाइट गेली की शिव्या आणि आली की कोणी बघत पण नाही, हे ऑपरेटरचं आयुष्य.

त्यानंतर जळगावची स्पर्धा. कंपनीच्या सगळ्या विभागांची. निंबा पहिला आला. पेपरमधल्या फोटोत कप तुमच्या दोन्ही हातात आहे आणि निंबा मागे उभा राहून एका बोटाने कपाचा तळ धरतो आहे. तो फोटो माझ्या सासूने, धुरपदाबाईने, देव्हाऱ्याच्या बाजूला लावला. पुढच्या वर्षी राज्याची स्पर्धा होती. तिथं तुमच्या विभागाने कप आणला असता तर बढतीच्या वेळी ते कुठं मोजलं जातं, हे मला पुढे रतिलालने सांगितलं. रतिलाल म्हणजे तिथला दुसरा ऑपरेटर, ज्याला तुम्ही कायमची रात्रपाळी लावली. का लावली? तर निंबा रोज दिवसपाळीला पाहिजे. दिवसा तुम्ही ऑफिसात किंवा गाडीत असता, तेव्हा तुम्हाला सराव पाहिजे.

टेबलावर दोन फोन. एक उपकेंद्राचा, लाइनमन लोकांसाठी. एक निंबाचा स्वतःचा, स्पीकर लावून पटाशेजारी ठेवलेला, तुमच्यासाठी. तुम्ही जळगावला तुमच्या पटावर खेळायचे, हा इथं याच्या पटावर. तुम्ही चाल बोलायची, याने बोलायची. दुपार दुपार हे चालायचं. मी डबा घेऊन गेले तेव्हा स्वतःच्या कानाने ऐकलं. "घोडा आला, निंबा, सांभाळ." माझ्या हातात कळण्याची भाकर आणि ठेचा. त्याने माझ्याकडे बघितलं पण नाही. मी टेबलावर डबा ठेवला तर म्हणाला, "तिथं नको, तिथं हत्ती येणार आहे."

तेव्हा मी हसले. मला वाटलं चेष्टा करतो.

पुढे घरात सुरू झालं. एक दिवस सासूने ताट वाढलं आणि म्हणाली, "निंबा, भाकर ताटमा शे." तो दचकला. दोन्ही हात डोक्यावर घेतले, कोणी दगड मारावा तसा.

"कोणी दिला?" त्याने विचारलं.

"काय?"

"शह."

"शह नही रे भो, भाकर दिनी," सासू म्हणाली, आणि आम्ही दोघी हसलो. निंबाही हसला. नंतर चार दिवस लखन घरात येताना दारातूनच ओरडायचा, "दाजी, राजा संभाळा, मी येल शे." निंबा त्याला उशी फेकून मारायचा. घर हसत होतं.

ते हसणं केव्हा संपलं ते मला नीट सांगता येणार नाही. एवढं आठवतं की एकदा शेजारीण पाणी मागायला आली, "रूपा, घरमा शे का वं?" आणि निंबा खाटेवरून उठून कोपऱ्यात गेला. भिंतीला पाठ लावून उभा राहिला. घामाने शर्ट भिजला होता. मी म्हटलं, काय झालं हो? तो म्हणाला, "तिला बाहेर काढ. तिच्या मागची रेघ मोकळी आहे." शेजारणीने ते ऐकलं. ती पुन्हा आमच्या दारात आली नाही.

मग त्याने आम्हाला सांगितलं, घरात तो शब्द काढायचा नाही. विनवून सांगितलं, साहेब, धमकी देऊन नाही. "रूपा, मला माहीत आहे की तुम्ही 'आहे' म्हणता. मला सगळं कळतं. पण कानात पडेपर्यंत तो शह होऊन पडतो. मग उत्तर सापडेपर्यंत मला दुसरं काही सुचत नाही." म्हणून आम्ही आमच्या बोलीतून तो शब्द काढून टाकला. सासू सत्तरीची. तिला जमेना. ती "भाकर ताटमा" एवढं म्हणून तोंडावर पदर धरायची, पुढचा शब्द बाहेर सांडू नये म्हणून. घरातून 'आहे' काढून टाका आणि मग बोलून बघा एकदा. काय उरतं ते बघा.

बाहेरच्या जगाला तर कोणी सांगणार नाही. दूधवाला, किराणावाला, बाकावरचे म्हातारे, सगळे शे-शे करत जगतात. म्हणून तो कानात कापूस घालून फिरायला लागला. वेचणीचे दिवस होते, कापूस काय, उंबऱ्यापर्यंत उडत यायचा. पांढरेशुभ्र बोळे दोन्ही कानात. पोरंसोरं मागे लागायची. मला एकच धास्ती. मी त्याच्यासमोर जाऊन, ओठ दिसतील असं विचारलं, "ड्यूटीवर पण घालता का हे?"

"नाही. तिथं काढून ठेवतो. तिथं साहेबांचा आवाज ऐकायचा असतो."

लखनला मी म्हटलं, तू काम बदल. तो म्हणाला, "अक्का, कंत्राटी माणूस काय बदलनार? दाजी मना जीव थोडाच घेतीन?" आणि मग हसत हसत त्याने उपकेंद्रातलं सांगितलं. पॅनलवर चार फिडर आहेत, म्हणजे चार लाइनी. गावठाण, दोन शेतीचे, आणि एक जिनिंगचा. निंबा त्यांना नावं ठेवून बसला होता. गावठाण म्हणजे राजा, शेतीचे दोन म्हणजे हत्ती, जिनिंग म्हणजे वजीर. मागच्या आठवड्यात लखनने शेती दोन बंद करायला सांगितली आणि निंबाने शेती एक बंद केली. लखनने चढायच्या आधी बघितलं, शेजारच्या मळ्यातली मोटार चालूच होती, म्हणून वाचला. त्याने फोन केला तर निंबा म्हणाला, "डावा हत्ती का उजवा, नीट सांगत जा."

"मी त्याले म्हनं, दाजी, मी हत्तीवर नही, पोलवर चढस," लखन म्हणाला आणि पोट धरून हसला. मी हसले नाही.

दुसऱ्या दिवशी मी जळगावला तुमच्या ऑफिसात आले. आठवतंय ना? हिरवी साडी, हातात पिशवी, पिशवीत तुमच्यासाठी वांगी. हो, वांगी आणली होती, कारण मला वाटलं होतं माणसाशी बोलायला चालले आहे. कपाटात तो कप होता. तुम्ही चहा मागवला, मला वहिनी म्हणालात. मी सगळं सांगितलं. कापसाचं, शेजारणीचं, डाव्या-उजव्या हत्तीचं. तुम्ही मान हलवत ऐकलं.

"वहिनी, एवढं डोकं अख्ख्या विभागात कोणाचं नाही. डोकं जोरात चालतं म्हणून थोडं गरम होतं. इंजिन नाही का गरम होत?"

मी म्हटलं, "साहेब, त्यांना थोडे दिवस खुर्चीवरून काढा. वसुलीला पाठवा, मीटर बघायला पाठवा, कुठंही पाठवा. धुळ्याला डोक्याचे चांगले डॉक्टर आहेत, मी दाखवून आणते."

"दाखवू ना. स्पर्धा होऊ द्या. आत्ता गोळ्या सुरू केल्या तर झोप येते, खेळ बसतो. त्यानंतर मी स्वतः गाडी देतो."

मी शेवटचं म्हटलं, "माझा भाऊ त्या खांबावर चढतो."

तुम्ही हसलात. "मग तर चांगलंच आहे. साला-मेव्हण्याचा मामला. घरच्या माणसाची काळजी निंबा जास्तच घेईल."

हे तुम्ही बोललात. चहा अर्धा टाकून मी उठले. वांगी तुमच्या टेबलावर राहिली.

तो दिवस मी बघितला नाही, म्हणून लखनने आणि निंबाने जसं सांगितलं तसं मांडते. दोघांच्या सांगण्यात तिळाएवढा फरक नाही. कोणीही खोटं बोलत नाही, हाच तर घोळ आहे.

ऊन तापलेलं. शेती दोनचा जंपर, म्हणजे खांबावर दोन तारा जोडणारा तुकडा, तुटला होता, मळ्यातल्या लोकांचे फोनवर फोन. लखन खांबाखाली गेला आणि उपकेंद्राला फोन केला. "दाजी, शेती दोन बंद करा." निंबा म्हणाला, "करतो." आणि तो करायला उठलाही, हे तो शपथेवर सांगतो. उठला आणि तेवढ्यात दुसऱ्या फोनमधून तुमची चाल आली. तो परत बसला. आधी पट, मग पॅनल, असं म्हणाला असेल मनात. किंवा काहीच म्हणाला नसेल. तुमची चाल आली की त्याच्या डोक्यात दुसरं काही उरतच नव्हतं.

लखनने थोडा वेळ जाऊ दिला. पट्टा बांधला, पुन्हा फोन केला. उपकेंद्राचा फोन निंबाने उचलून कानाला लावला. नजर पटावर. लखनने विचारलं, "दाजी, बंद शे का?"

आणि त्याच क्षणी निंबाने घोडा उचलून ठेवला आणि बोलला. बाकावरच्या नियमाने, मोठ्याने.

"शह."

लखनला ऐकू आलं, "शे."

बंद शे का? शे. याच्यापेक्षा सरळ उत्तर अहिराणीत नाही. लखनच्या जागी तुम्ही अहिराणी बोलणारा कोणीही ठेवा, तो चढला असता. तारेला जमिनीशी जोडायची काठी असती तर चढण्याआधीच ठिणगी पडून कळलं असतं. ती काठी तुमच्या अख्ख्या शाखेत एक होती, आणि त्या दिवशी ती दुसऱ्याच गावात दुसऱ्या लाइनमनकडे होती. तेही लिहून ठेवते.

खांबाखालून लोक ओरडले. कोणीतरी उपकेंद्राकडे पळालं. आमच्या मळ्याकडच्या एका बाईने मला येऊन सांगितलं ते तिच्या शब्दात सांगते. "रूपा, तुना भाऊ लटकेल शे. पन जीव शे अजून."

धुळ्याच्या दवाखान्यात त्याचा उजवा हात खांद्यापासून काढला. छातीवर, मांडीवर भाजलेलं. फोन जळून कोळसा झाला. माझी आई भिकुबाई दवाखान्याच्या व्हरांड्यात बसून राहिली. तिला पोरगा आणि जावई यांच्यात निवड करायला लावली होती देवाने, आणि ती कोणाचंच नाव घेत नव्हती. निंबा आला तेव्हा ती उठली आणि त्याला पाणी दिलं.

लखन अजून शुद्धीत-बेशुद्धीत होता तेवढ्यात तुम्ही चौकशी उरकलीत. विश्रामगृहात. तुम्ही आणि धुळ्याहून आलेले एक चष्मेवाले साहेब. तुमच्याच विभागातला अपघात आणि चौकशीला तुम्हीच. निंबाला विचारलं, काय बोललास? तो म्हणाला, "शह." पुन्हा विचारलं. पुन्हा म्हणाला, "शह." चष्मेवाल्यांना कळेना. ते म्हणाले, हा 'आहे' म्हणतोय की दुसरं काही? तेव्हा मला आत बोलावलं. तुम्ही मला वहिनी म्हणाला नाही त्या दिवशी. म्हणालात, "बाई, तुमची भाषा आहे. सांगा, कोणता शब्द?"

साहेब, मी मूर्ख नाही. कोणता शब्द लिहिला तर काय होणार ते मला कळत होतं. 'शे' लिहिलं, तर ऑपरेटरने लाइन बंद आहे असं खोटं सांगितलं, म्हणजे माझा नवरा तुरुंगात. 'शह' लिहिलं, तर ऑपरेटरने परवानगी दिलीच नाही, लाइनमन स्वतःच्या मनाने चढला, म्हणजे माझ्या भावाचा हातही गेला आणि वर चूकही त्याचीच. एका बाईच्या तोंडात दोन माणसं देऊन तुम्ही पेन उघडून बसला होता.

मी म्हटलं, "दोन्ही."

चष्मेवाले म्हणाले, "ताई, रकान्यात एकच शब्द लिहिता येतो."

मी म्हटलं, "मग रकाना चुकीचा आहे. आमच्या तोंडात दोन्ही एकच. तुम्ही शब्द विचारू नका. तो त्या वेळी काय करत होता ते विचारा."

चष्मेवाल्यांनी निंबाकडे बघितलं. निंबा टेबलावरच्या काचेखालच्या चौकड्या मोजत होता. मान वर न करता म्हणाला, "साहेबांची चाल बाकी आहे."

मग तुम्ही चष्मेवाल्यांच्या कानाशी वाकलात, पण मला ऐकू येईल इतपत बोललात. "धक्क्याने डोक्यावर परिणाम झालाय. सोडून द्या." आणि तुम्ही स्वतःच्या हाताने रकान्यात लिहिलं, शह. ह एवढा स्पष्ट काढलात की तसा आमच्या शाळेतल्या गुरुजींनीही काढला नसता.

मी त्या वेळी समजले की तुम्ही निंबाला वाचवलं. खरं सांगते, घरी येताना तुमच्याबद्दल बरं वाटलं मला. नवरा तर वाचला, असं वाटलं. आणि लगेच भाऊ आठवला आणि स्वतःची लाज वाटली.

मग लखनला पूर्ण शुद्ध आली. निंबा त्याच्या खाटेशी उभा होता. म्हणाला, "लखन, मी शह बोललो. तुला नाही बोललो."

लखन म्हणाला, "मले काय माहीत, दाजी. मी पोलवर व्हतो, पटवर नही." मग माझ्याकडे मान वळवली. "अक्का, मी तरी चढना नसतो. मना मनमा शंका व्हती. दाजीनं डोकं फिरेल, मले माहीत व्हतं. पन 'शे' आयकाव्हर मांगे कोनतरी बोलनं. 'वा, निंबा, वा.' साहेबना आवाज. मी म्हनं, साहेब तठेच बसेल शेतस, मंग लाइन बंदच व्हई. म्हनीसन चढनू."

समजलं का, साहेब? तो निंबाच्या शब्दावर चढला नाही. निंबावर त्याचा विश्वास उरला नव्हता. तो तुमच्या आवाजावर चढला. स्पीकरवरच्या तुमच्या 'वा'वर. त्याला वाटलं तुम्ही खुर्चीच्या शेजारी उभे आहात.

मी ते निंबाला विचारलं. तो लगेच हो म्हणाला, त्यात लपवायचं काही आहे हे त्याला कळतच नव्हतं. "साहेबच होते. शह त्यांनाच दिला होता. चांगला शह होता, घोड्याचा. ते वा म्हणाले आणि फोन बंद झाला. तेव्हापासून त्यांची चाल आली नाही."

तेव्हापासून तो वाट बघतो आहे. पट त्याने उपकेंद्रातून जसाच्या तसा घरी आणला, त्यावरची एक सोंगटीही हलू न देता, दोन्ही हातांवर, ताटासारखा. खाटेखाली ठेवला आहे. सासू झाडताना त्याच्याभोवतीने झाडते. फोन उशाशी. वाजला की झडप घालतो. तुमचा नसतो. तुम्ही त्याचा फोन उचलत नाही. आणि आमच्या बाकावरचा नियम असा आहे की शह दिल्यावर समोरच्याने उत्तर दिल्याशिवाय डाव मोडत नाही. माणूस मेला तरच मोडतो.

परवा तुमचा कागद आला. पहिल्या पानावर निंबाच्या डोक्यावर परिणाम झालेला, म्हणून त्याचं चालीबद्दलचं बोलणं विचारात घेतलेलं नाही. दुसऱ्या पानावर तोच निंबा निर्दोष आणि कामावर हजर होण्यास योग्य. सोमवारपासून. त्याच उपकेंद्रात, दिवसपाळी. स्पर्धा जवळ आली आहे, नाही का?

लखनच्या जागी नवा माणूस आला. धनसिंग, सातपुड्याच्या पायथ्याचा, पावरा आदिवासी. घरची भाषा वेगळी, पण लोकांशी बोलून बोलून अहिराणी शिकला आहे. आज तो ओळख करून घ्यायला घरी आला. गुळाचा चहा घेतला, सासूच्या पाया पडला. निंबाला म्हणाला, "भाऊ, तुमच्याबद्दल लय ऐकेल शे."

निंबाचे दोन्ही हात डोक्यावर गेले.

धनसिंग माझ्याकडे बघायला लागला. मी त्याला बाहेर नेलं आणि सगळं सांगितलं. फोनवर तो शब्द वापरू नको, मराठीत विचार, लाइन बंद झाली का म्हणून विचार, आणि हो-नाही ऐकल्याशिवाय चढू नको. तो मान हलवत होता. मग म्हणाला, "ताई, खांबाखाली घाई ऱ्हास. तोंडमाईन जे निंघनार ते निंघनार."

मी आत आले तर निंबा डबा धुवून ठेवत होता. उद्या ड्यूटी. इतक्या महिन्यांनी पहिल्यांदा त्याने कानात घालायचे कापसाचे बोळे खिशातून काढून खिडकीत ठेवून दिले होते. "उद्या साहेबांचा फोन येईल," म्हणाला. त्याचा चेहरा शांत होता. मला त्या चेहऱ्याची जितकी भीती वाटली तितकी त्या कोपऱ्यात घाबरून उभं राहण्याचीही वाटली नव्हती.

त्याला मी दाराला कडी लावून अडवेन, खाटेला बांधेन, त्याचं माझं मी बघते. पण तुमच्या कागदावर खुर्ची त्याचीच आहे. उद्या अडवला तर परवा जाईल.

तुम्ही चौकशीत सगळ्यांना विचारलं. निंबाला विचारलं, मला विचारलं, अर्धवट शुद्धीत खाटेवर पडलेल्या माझ्या भावाला विचारलं की तू कोणाच्या परवानगीने चढलास. तिथं त्या क्षणी तीन माणसं ऐकत होती. दोघांनी सांगितलं. तिसऱ्याला कोणी विचारलं नाही, कारण विचारणारा तोच होता. म्हणून मी विचारते. निंबा बोलला तेव्हा तुम्ही फोनवर होता. तुमच्या कानात काय पडलं? त्याने तो शब्द कोणाला दिला, माझ्या भावाला की तुमच्या राजाला? उद्या धनसिंग खांबाखालून विचारेल, बंद शे का, तेव्हा फोनच्या दुसऱ्या बाजूला तुम्ही असाल की नाही?

मोठ्याने बोलते आहे, आमच्या नियमाने, म्हणजे ऐकलं नाही असं म्हणता येणार नाही.

शह आहे, साहेब. उत्तर द्या.